अडवून धरलेला उजेड

दादाला सगळे दादाच म्हणत. घरी धाकटी बहीण म्हणायची म्हणून, आणि कामावर बाकीच्यांना दुसरं काही सुचलं नाही म्हणून. उजेडपुलाच्या गच्चीवर बेचाळीस आरसे होते, ते सूर्याकडे वळवत ठेवायचं काम त्याचं. आरशांचा उजेड खालच्या दालनातल्या माणसाएवढ्या भिंगातून दारावर पडायचा. उजेड मोजणारा काटा साठच्या वर गेला की दारातली हवा पातळ होत जायची आणि तिच्यामागून दुसरी मिती दिसू लागायची. मग दादा दांडा ओढायचा आणि माणसं पिशव्या सांभाळत, ओल्या फरशीवरून चालावं तशी जपून, या जगातून त्या जगात जायची. साठच्या खाली दार उघडायचं नाही, हा नियम. पहिल्या वर्षी कोणीतरी पन्नासवर उघडलं होतं, तेव्हा आलेल्या गृहस्थांना स्वतःचं नाव आठवायला आठवडा लागला होता.

धाकटी बहीण, चिंगी, पलीकडे नोकरीला होती. तिथल्या झाडांना इकडची बुरशी लागली होती आणि ही त्यातली जाणकार. दोन वर्षांसाठी म्हणून गेली ती तिकडचीच झाली. वर्षातून दोनदा यायची, आठवडाभर आईचे केस विंचरायची, तिला हसवायची आणि जायची. उरलेले दिवस दादाचे. आईने अंथरूण धरल्याला तीन वर्षं झाली होती. उठल्याबरोबर तिला पुसून काढायचं, कूस बदलायची, औषध द्यायचं, मग शेजारणीच्या हवाली करून कामावर पळायचं. या कशाबद्दलही त्याची तक्रार नव्हती. त्याला झोंबायचं ते वेगळंच. भरवणारा हात त्याचा आणि आईच्या ओठांवर नाव चिंगीचं. "चिंगीनं उशी बरोबर लावली असती," असं आई म्हणाली की तो उशी पुन्हा लावायचा आणि दिवसभर कोणाशी धड बोलायचा नाही.

एका मंगळवारी डॉक्टरीणबाईंनी सांगितलं, आता फार वेळ नाही, कोणाला बोलवायचं असेल तर बोलवून घ्या. दादाने लगेच निरोप धाडला. चिंगीचं उत्तर आलं, उद्या सकाळी अकराला दारापाशी उभी आहे.

दुसऱ्या दिवशी तो निघताना आईने डोळे उघडले आणि चिंगी आली का, विचारलं. तिलाच आणायला चाललोय, असं तो म्हणाला.

"मग इथे काय करतोयस?" आई म्हणाली.

एवढंच. पण ते शब्द त्याच्या पाठोपाठ गच्चीचे जिने चढून गेले.

अकराला काटा बहात्तरवर होता. दांडा हाताखाली होता. आणि दादाच्या मनात आलं, थांबू दे जरा. मी तीन वर्षं थांबलोय, हिने अर्धा तास थांबलं तर काय आभाळ कोसळणार आहे? त्याने नोंदवहीत चौपन्न लिहिलं, पुढे 'ढगाळ' लिहिलं आणि वर जाऊन एक लख्ख आरसा पुसत बसला. पलीकडून दोनदा घंटा वाजली. त्याने ऐकली.

तो खाली उतरला तेव्हा मात्र ऊन खरंच गेलं होतं. काटा एकेचाळीसवर. मग त्याची धांदल उडाली. बेचाळीसच्या बेचाळीस आरसे त्याने हाताने वळवून पाहिले, बोटं सोलून निघाली, पण आभाळ हटेना. त्याच संध्याकाळी आई गेली.

शुक्रवारी ऊन पडलं तेव्हा चिंगी आली. दारातून पाऊल टाकताच तिने एकच विचारलं, "परवा ऊन नव्हतं का रे?"

"नव्हतं," दादा म्हणाला.

ती त्याच्या खांद्यावर डोकं ठेवून रडली. तो तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिला आणि त्याला स्वतःच्याच हाताची किळस आली.

त्यालाही अकरा वर्षं झाली. चिंगी येत राहिली, जात राहिली. दर खेपेला दादा ठरवायचा, या वेळी सांगायचं. मग ती दमलेली दिसायची, नाहीतर छान हसत असायची, आणि दोन्ही वेळा तो दुसरंच काही बोलायचा. अखेर निवृत्तीच्या आठवड्यात तो तिला गच्चीवर घेऊन गेला. चहाचे पेले घेऊन दोघं बाकावर बसली.

"चिंगे, त्या दिवशी काटा बहात्तर होता. मी दार उघडलं नाही."

ती आरशांकडे बघत राहिली. "माहीत आहे. आमच्या भिंतीवरही तुमच्या उजेडाचा काटा असतो. चाळीस मिनिटं मी त्याच्याकडे बघत उभी होते."

"मग बोलली का नाहीस?"

"तू सांगशील म्हणून. पहिल्या वर्षी रोज वाटायचं, आज सांगेल. मग वाटायचंच बंद झालं."

थोड्या वेळाने तिने विचारलं, शेवटी आईने माझी आठवण काढली का. दादाला आता काही लपवायचं नव्हतं. त्याने सांगितलं, आईला दिसेनासं झालं होतं. तिने त्याचा हात चाचपला आणि 'आलीस?' म्हणाली.

"मग?"

"मी म्हटलं, हो आई, आले."

"आले म्हणालास?"

"आले म्हणालो. ती हसली. मग फार वेळ राहिली नाही."

चिंगीने पेला खाली ठेवला. ती म्हणाली, "तेही तूच घेतलंस, दादा." तिच्या आवाजात राग होता की नाही, ते त्याला आजही सांगता येत नाही. ती ठरल्यापेक्षा दोन दिवस आधी परत गेली.

दोन महिन्यांनी तिचं पत्र आलं. खुशाली नाही, चौकशी नाही. लिहिलं होतं, त्या तीन वर्षांत आई जे जे बोलली ते सगळं मला लिहून पाठव, बारीकसारीकसुद्धा. दादा वही घेऊन खिडकीपाशी बसला. कुठली गोळी किती वाजता, कुठल्या कुशीवर दुखायचं, ताप कधी चढायचा, सगळं तोंडपाठ होतं. आईचे शब्द मात्र सापडेनात. ती चिंगीचं काही काढू लागली की तो नळ सोडायचा, भांडी आपटायचा, दुसऱ्या खोलीत जायचा. चार दिवसांत जेमतेम दीड पान झालं. खाली त्याने लिहिलं, 'बाकीचं मी ऐकूनच घेतलं नाही,' आणि पत्र पाठवून दिलं.

ते पलीकडे पोचलं, एवढं त्याला कळलं आहे. उत्तर अजून आलेलं नाही.