दहाव्याचा आमदार

पहिल्या वक्त्याची श्रद्धांजली संपली तसा रामदास उठला, सभेला हात जोडले आणि चपला शोधायला वळला. सोमाजीनं मागून त्याचा सदरा धरला.

"भाऊ, कुठं निघाला? बसा. आपलाच दहावा हाये, वहिनींचा."

रामदास बसला. मंडपातल्या लोकांनी आमदारांना उठताना पाहिलं आणि झटकन माना खाली घातल्या. बिचारा भानावर नाही, असं त्यांना वाटलं असावं. भान पुरतं होतं. सवय होती ती पायांत होती. एका घाटावर जरा वेळ टेकायचं, दोन शब्द बोलायचे, की सोमाजी गाडी काढून तयार, पुढच्या घाटावर जायला. आज सोमाजी गाडीत नव्हता, त्याच्यामागं मांडी घालून बसला होता. खाली कुकडी नदीच्या पायरीवर आदेश, रामदासचा मुलगा, भादरलेल्या डोक्यानं गुरुजी सांगतील ते करत होता. पिंडाला कावळा मघाशीच शिवला. कुणाला ताटकळत ठेवणं वहिनींच्या स्वभावातच नव्हतं, असं बायका आपापसात म्हणाल्या.

तालुक्यात रामदासला 'दहाव्याचा पुढारी' म्हणत. आधी पाठीमागं, नंतर तोंडावर. ग्रामपंचायतीत होता तेव्हा गावातले दहावे करायचा, जिल्हा परिषदेत गेला तेव्हा गटातले. विधानसभेचं मनात आलं आणि मग घाटघरपासून पिंपरी पेंढारपर्यंत एकही सुटेना. बाकीचे पुढारी हातात माइक आला की रस्त्यांवर, बंधाऱ्यांवर घसरायचे. रामदास गेलेल्या माणसावर बोलायचा. एकच गोष्ट सांगायचा, पण ती त्याच माणसाची. पिंपरी पेंढारच्या धोंडाबाई अंधारात सुईत दोरा ओवायच्या. बहिरूअण्णा कांदे साठवायच्या बराखीत शिरताना वहाणा बाहेर काढायचे, देवळात शिरावं तसे. ऐकून लेकी-सुना हुंदके द्यायच्या, आणि मतदानाच्या दिवशी सगळं घर मिळून बाहेर पडायचं. विरोधकानं प्रचारात टोमणा मारला, "ह्याच्याकडून काम करून घ्यायचं तर आधी मरावं लागतंय, राव!" लोक पोटभर हसले आणि मतं रामदासला दिली.

ती एक गोष्ट वृषाली, त्याची बायको, द्यायची.

सकाळी तो सदऱ्याची बटणं लावत असताना ती चहा घेऊन यायची.

"आज कुणाचा?"

तो नाव सांगायचा. ती जरा वेळ भिंतीकडे बघायची आणि सांगायची. त्याला भेटायला आलेल्या बाया तो येईपर्यंत ओट्यावर बसून राहायच्या, तिच्याशी बोलायच्या. तिथूनच कळत असणार. त्यानं कधी विचारलं नाही.

ती गेली तेव्हा तो अधिवेशनाला मुंबईत होता. ताप अंगावर काढला, म्हणाले. तो आला, अग्नी दिलेला पाहिला, मग रोज ओट्यावर बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला नमस्कार केला. रडू येईल म्हणून त्यानं वाटही पाहिली. नुसतं कानांत पाणी गेल्यासारखं झालं होतं. सगळे बोलायचे ते पलीकडून यायचं.

आणि आज सकाळपासून तो तिची एक गोष्ट शोधत होता. तिचं माहेर मंचरजवळचं, ते सगळ्यांना ठाऊक. कष्टाळू होती. कष्टाळू तर दहाव्याला सगळ्याच असतात. पोळ्या मऊ व्हायच्या. गेलेल्या कुठल्या बाईच्या पोळ्या कडक होत्या? चहात ती साखर घ्यायची की नाही, इथपर्यंत येऊन तो अडला होता.

"नाय बोलला तरी चालंल," सोमाजी कानाशी लागला. "मी सांगतो त्या माइकवाल्याला."

"नको. म्हणतील, साऱ्या तालुक्याला पुरला आन् बायकोला शब्द न्हाई."

तेवढ्यात माणसांतून वाट काढत एक म्हातारा पुढं सरकला आणि त्याच्या गुडघ्याला टेकून बसला. खांद्यावर घोंगडी, पाय धुळीनं भरलेले.

"वळखलं का, भाऊ? जानकू. घाटघरचा. आमच्या मंडळीच्या दहाव्याला आल्ता तुमी."

रामदासनं मान हलवली. ओळखलं नव्हतं.

"तुमी बोलला व्हता, आवणीला हिच्या गाण्यावर बायांचे हात चालायचे. भात लावून कवा व्हायचं कळायचं न्हाई."

"बरोबर."

"ती गात नव्हती, भाऊ." म्हाताऱ्यानं आवाज खाली आणला. "तिची जीभ जड व्हती. नाव सांगायचं तरी तीनदा अडायची. चारचौघांत तोंडच उघडत नव्हती."

रामदास पुरता त्याच्याकडे वळला.

"तवा मला लई राग आल्ता. म्हणलं, दुसऱ्या कुणाचं हिच्या नावावर खपिवलं. पर आता आवणीला वावरात वाकलो का मला ऐकू येतंय. खरंच येतंय. म्हून इचारतो, तुमाला सांगितलं कुणी व्हतं?"

माइकवर त्याचं नाव घेतलं गेलं होतं. सोमाजीनं काखेत हात घालून त्याला उभं केलं.

माइक हातात आला तेव्हा बायकांच्या बाजूला पदर आधीच डोळ्यांशी गेले होते.

"वृषाली," तो म्हणाला, आणि थांबला. चारचौघांत हे नाव त्यानं कधी घेतलं नव्हतं. "मी आजवर दहाव्याला जे जे बोललो, ते सगळं ही मला सांगायची."

कुणीतरी खोकलं.

"त्यातलं खरं किती व्हतं, मला ठाऊक न्हाई."

पुरुषांच्या बाजूला चुळबुळ झाली. निवेदक दोन पावलं पुढं आला, माइक घ्यावा की घेऊ नये अशा विचारात. आणि बायकांतून फसकन आवाज आला. एक बाई पदराचा बोळा तोंडाशी धरून थरथरत होती. रडतेय म्हणून शेजारणीनं तिच्या पाठीवर हात ठेवला, आणि मग तीही तोंड लपवायला लागली.

"काय झालं, ताई?" रामदासनं माइकवरूनच विचारलं.

"काय न्हाई, भाऊ. माझ्या सासूला तुमी मायाळू म्हणाला व्हता!"

आता हसू आवरेना. जिकडंतिकडं पदर वर गेले. जाणत्या बायकासुद्धा खाली बघून हलत होत्या.

"मायाळू! अवो, कुत्रं उभं ऱ्हात नव्हतं दारात," ती बाई डोळे पुसत म्हणाली. "घरी जाऊन आमी जावा-जावा पोट धरून हसलो. मग मीच गेले वहिनींकडं भांडायला. म्हणलं, वहिनी, आवो काय हे? तर म्हणाल्या, तिला जित्तेपणी कुणी म्हणलं नव्हतं ना गं? मग एकडाव म्हणू दे की."

हसणं हळूहळू निवत गेलं. निवेदकानं हात पुढं केला, पण रामदासनं माइक दिला नाही. बायकांच्या बाजूला तोंड करून तसाच उभा राहिला, आणखी कुणी काही सांगतंय का बघत.

खालून आदेश ओल्या अंगानं पायऱ्या चढून वर आला. दहाव्याला बाया हसतायत कशाला, ते त्याला कळेना. त्यानं बापाच्या तोंडाकडे पाहिलं; दहा दिवसांत पहिल्यांदाच ते रडून ओलं झालं होतं. तो अंग पुसायचं सोडून तिथंच उभा राहिला.