दार हळू लावा

मी एक जुनी दगडी पाटी आहे. मित्रांनो, आधीच सांगून ठेवते, मला कुणी बिचारी म्हणायचं नाही. माझा एक कोपरा उडालाय, चौकट काळी पडलीय, पण बाकी अंग शाबूत आहे. तुमच्या त्या पडद्यावरच्या पाट्या एकदा पडल्या की गेल्या. मी पन्नासदा पडले असेन.

मला पेणच्या बाजारातून हौसानं तिच्या लेकीसाठी, जनीसाठी आणलं. शाळा मला सहा महिनेच मिळाली. ‘घर बघ, कमळ बघ’ इथवर माझं शिक्षण. मग एक दिवस जनीनं मला भावाच्या टाळक्यात घातलं. त्याचं टाळकं बरं झालं, माझा कोपरा गेला.

“फुटकी पाटी वर्गात नको,” बाई म्हणाल्या.

“तुमच्याकडं चालत नाय ना? माझ्याकडं चालंल,” हौसा म्हणाली आणि मला काखेत मारून घरी घेऊन आली.

रामवाडीत हौसाचं काम लोकांची सपनं लिहिण्याचं. सासूकडून आलेलं. सकाळी तोंड न धुता, वाटेत कुणाशी न बोलता माणसानं यायचं, ओटीवर बसायचं आणि रात्रीचं सपान सांगायचं. चांगलं असलं तर हौसा वहीत उतरवून ठेवायची. जड असलं तर ते माझ्यावर. माझ्यावर अक्षर उमटलं की ते सपान सांगणाऱ्याच्या डोक्यातून उतरायचं, पुन्हा यायचं नाही. मग दिवेलागणीला हौसा देवापुढे दिवा लावायची, हात जोडायची आणि मला पुसून टाकायची. चाळीस वर्षं हाच नेम. दिवा, हात, पुसणं.

एक सवलत होती. दिवा लागायच्या आत कुणाला आपलं सपान परत हवं झालं, तर त्यानं माझ्यावर हात ठेवायचा आणि हौसानं वाचायचं. पण परत कोण मागतो? टाकलेलं ओझं कुणी उचलायला येतं का?

खरं सांगते, मला त्या वहीचा राग यायचा. तिच्यात लग्नं, पाळणे, उडणारी माणसं. माझ्या वाट्याला बुडणारी, जळणारी, दात पडणारी. मी दिवेलागणीची वाट बघायची. पुसलं की सुटले, असं वाटायचं.

मग गेल्या वर्षी गडबची पुतळी आली. मिठागरात राबणारी बाई, टाचांना भेगा, बोलणं तोडून. तिची धाकटी किमया सहा वर्षांची होऊन तापानं गेली होती. तेव्हापासून रोज पहाटे सपनात यायची.

“थोरली माझी मृणाली बाळंत झालीय,” पुतळी म्हणाली. “आज दवाखान्यातनं घरी आणतील, रोह्याजवळ वरशाला. जावई कंपनीत, शिफ्ट सुटत नाय. मलाच जायला पायजे. बाळंतिणीपुढं रडत बसू काय मी? उतरव गो मावशे हे.”

हौसानं लिहिलं. ‘किमया दारात उभी. केस ओले. पुढचा एक दात पडलेला. गालाला खळी पाडून हसते. म्हणते, आये, माझी एक चप्पल कुठं गेली?’

पुतळी हलक्या अंगानं उठली आणि एसटीत बसून वरशाला गेली.

दुपारी तीनला हौसाचा फोन वाजला. पलीकडे पुतळी होती.

“मावशे, पोरगी झालीय. सगळी म्हणतात, अगदी किमयावर गेलीय. मी बघते, बघते, मला काय कळतच नाय. किमया कशी होती गो? भिंतीवर फोटो हाय तिचा. शेजाऱ्याची पोर वाटते मला. सपानाबरोबर पोर पण नेलीस काय तू?”

हौसानं मला पुढ्यात घेतलं आणि फोनवर सगळं वाचून दाखवलं.

“ऐकलं,” पुतळी म्हणाली. “पण माझी वाटत नाय. कुणाची तरी पोर वाटते. या नातीला मी मांडीवर कशी घेऊ? मी येते माघारी.”

“बाळंतिणीला एकटी टाकून? बस तिथंच,” हौसा म्हणाली. “मी येते.”

मित्रांनो, हौसा कधी कुणाच्या दारी गेली नव्हती. ज्याला गरज त्यानं यावं, असा तिचा ताठा. सत्तरीची ती बाई मला दोन्ही हातांत उताणी धरून स्टँडवर पोचली. पिशवीत घातलं तर अक्षर पुसेल, कापडात गुंडाळलं तरी पुसेल.

“आजी, ती पाटी खाली ठेवा, पडंल,” कंडक्टर म्हणाला.

“तुझं मशीन ठेव खाली. हिला हात लावू नको.”

रोह्याची गाडी निघाली. वडखळ गेलं आणि गडबजवळ गाडी जी अडकली ती हलेना. पुढे रस्त्याचं काम, मागे कंटेनर. ऊन उतरू लागलं. हौसाच्या अंगठ्याचा घाम चौकटीवरून आत येत होता. मी मनातल्या मनात ओरडत होते, अंगठा मागे घे. पण मी दगड. मला तोंड दिलंय ते लोकांनी लिहायला.

एवढ्यात कंडक्टरचं काहीतरी सीटखाली पडलं. बाहेर उजेड होता, तरी शोधायला त्यानं गाडीतला दिवा लावला.

दिवा लागला तशी गाडीतल्या चारदोन बायकांनी सवयीनं हात जोडले. हौसानंही मला मांडीवर टेकवून जोडले. आणि तिचा उजवा हात, चाळीस वर्षांचा हात, पदर घेऊन माझ्यावर फिरला.

एकदाच फिरला. मग तिथेच थांबला.

दार गेलं, ओले केस गेले, पडलेला दात, खळी, हसू सगळं गेलं. शेवटची ओळ तेवढी राहिली.

पेन्सिल हौसाच्या कनवटीला होती. पुसलेलं तिला पाठ होतं. तिनं पेन्सिल काढली, माझ्यावर टेकवायला आणली आणि पुन्हा खोचून ठेवली.

“आता लिहीन ते माझं होईल,” ती पुटपुटली. “पुतळीचं नाय.”

वरशात उतरलो तेव्हा सूर्य टेकला होता. हौसा रस्त्यापासूनच ओरडत सुटली, “दिवा लावू नका गो! पुतळे, दिवा लावू नको!”

पुतळीच्या हातात काडी पेटलेली होती. तिनं फुंकून विझवली, धावत येऊन माझ्यावर हात ठेवला. मिठानं खरबडलेला हात. हौसानं वाचलं, “आये, माझी एक चप्पल कुठं गेली?”

पुतळीचे डोळे मिटले. “आली... आवाज आला तिचा. आता तोंड. वाच ना पुढं.”

“पुढं नाय.”

“मग मागचं वाच.”

“मागचं मी पुसलं, पुतळे. दिवा बघून हात गेला.”

कुणापुढे मान न वाकवलेली हौसा खाली बघत उभी राहिली.

“चाळीस वर्षं पुसतेस,” पुतळी म्हणाली. “आज एक दिवस हात आवरला नाय तुला?”

तिनं माझ्यावरून हात उचलला, तर आवाजही गेला. पुन्हा ठेवला, आला. अर्धं सपान अंगात मुरत नाही. आत बाळ रडायला लागलं. पुतळीनं एका हातानं नात मांडीवर घेतली. दुसरा हात माझ्यावर होता.

देवापुढचा दिवा लागायच्या आत सपनाच्या मालकिणीचा हात लागला म्हणून ती ओळ जिवंत आहे. त्या दिवसापासून हौसानं मला पुसलेलं नाही. कुणी जड सपान घेऊन आलं तर म्हणते, “दुसरी पाटी घेऊन ये.” पुतळी दर सोमवारी येते, हात ठेवते, हौसा वाचते. दोघी दुसरं काही बोलत नाहीत.

पण मित्रांनो, पेन्सिलीचं अक्षर ते. रोज थोडी भुकटी झडते. ‘चप्पल’ आता फिकट झालीय. हौसाच्या डोळ्यांत मोतीबिंदू आहे, आणि पुतळीला वाचता येत नाही. जिनं आयुष्यभर पुसण्याची वाट बघितली, ती मी आता एका ओळीला अंगाशी धरून बसलेय, आणि धरायला मला हात नाहीत.

तुमच्याकडे माझं मोठं मागणं नाही. रामवाडीत कधी आलात तर मी दारामागच्या खुंटीवर असते. सोमवारी आलात आणि हौसाला दिसेनासं झालेलं असलं, तर ती ओळ तुम्ही मोठ्यानं वाचा. आणि जाताना दार आपटू नका. आपटलं की भुकटी पडते.

दार हळू लावा.