सत्तेचाळीस नंबरचे झाकण

मी एक जुने झाकण आहे. हसू आले ना? येऊ द्या. भांड्याची गोष्ट सगळेच सांगतात, झाकणाला कोण विचारतो? पण मित्रांनो, अकरा वर्षे आपल्या भांड्यावाचून राहिलेले झाकण तुम्ही पाहिले नसेल.

मी आणि माझा दुधाचा कॅन एकाच कारखान्यात, एकाच दिवशी जन्मलो. अमेरिकेत मिनेसोटातल्या एमिल क्रोगस्टॅड नावाच्या शेतकऱ्याने आम्हांला विकत घेतले आणि दोघांच्याही अंगावर पांढऱ्या रंगाने सत्तेचाळीस हा आकडा काढला. डेअरीत शेकडो कॅन जात, सगळे जुळ्या भावांसारखे. पण नंबर पाहून प्रत्येक कॅन संध्याकाळी आपल्याच दारात उतरे. एमिलची मुलगी आर्डिथ थंडीत मला कोटाखाली धरून गोठ्यात उभी राही, नाहीतर मी गोठून कॅनला चिकटून बसे.

पुढे दूध न्यायला टँकर आले आणि आम्ही अडगळीत पडलो. तेव्हा एमिलने आम्हांला गावच्या मेपल फॉर्क कॉलेजला देऊन टाकले. नदीपलीकडच्या हार्लो कॉलेजशी त्यांचा फुटबॉलचा सामना दर नोव्हेंबरात होई. डोक्याला हेल्मेट, हातात चेंडू आणि समोरच्याला आडवे पाडत पुढे जायचे, असला हा फुटबॉल. ठरले असे, की जिंकेल त्याने कॅन वर्षभर ठेवायचा आणि आपल्या रंगात रंगवायचा. आमचा हिरवा, त्यांचा तांबडा.

तोवर आर्डिथ मोठी झाली आणि त्याच कॉलेजात संघाच्या सामानाची खोली सांभाळू लागली. सगळे तिला आर्डिथबाई म्हणत. कॅन आमच्याकडे असला की त्या स्वतः रंगवीत, बापाचा आकडा तेवढा मोकळा सोडून.

अकरा वर्षांपूर्वी आम्ही हरलो. कॅन देताना हार्लोच्या सामानाचे काम पाहणारे ऑरविल म्हणाले, "झाकण कुठंय हो?"

"हरवलं," आर्डिथबाई म्हणाल्या.

ताकाला जाऊन भांडे लपवणारी माणसे असतात. आर्डिथबाईंनी झाकण लपवले. मी त्यांच्या फडताळात होतो... नव्हे, होते. इतकी वर्षे संघाच्या पोरांत राहिल्यावर बोलणे असे होते.

त्यानंतर आम्ही दर वर्षी हरलो. दर वर्षी ऑरविल मैदान ओलांडून येत आणि विचारीत, "सापडलं का?" बाई म्हणत, "शोधतेय." त्या मात्र कॅनजवळ कधी गेल्या नाहीत. सोमवारी मला कोरड्या फडक्याने पुसताना म्हणत, "बाबांचा आकडा रंगवून टाकला असेल त्यांनी. बघायलाच नको."

मी कुठे आहे हे कॉलेजात सगळ्यांना ठाऊक होते, आणि विचारले तर कुणालाच ठाऊक नव्हते. सामन्याला निघताना प्रत्येक खेळाडू मला एक चापट मारून जाई. टण्! त्या आवाजावरून मी माणूस ओळखीत असे. सर्वांत दणदणीत चापट कप्तान वेंडेलची.

अकराव्या वर्षी आर्डिथबाई एकाहत्तर वर्षांच्या होत्या आणि हंगाम संपला की काम सोडणार होत्या.

"बाई, यंदा कॅन आणतोच," सप्टेंबरात वेंडेल म्हणाला.

"आधी तुझा दुसरा पायमोजा आण. दोन आठवडे एकच धुतेय मी."

पहिला सामना आम्ही चिखलात हरलो. दुसरा उन्हात. नंतर हवेला दोष देणेही संपले. आठ सामने, आठ पराभव. ऑक्टोबर सरला तशा चापटा हलक्या होत गेल्या. एकदा तर वेंडेलने नुसते बोट टेकवले. बाई त्याच्यावर ओरडल्या, "अरे, झाकण आहे ते! फुटणार नाही. नीट मार!"

शेवटचा सामना हार्लोशी, आमच्याच मैदानावर. बाईंनी मला टॉवेलच्या टोपलीत घालून नेले. समोरच्या बाकाजवळ माझा कॅन उभा होता. उघड्या तोंडाचा. कसे मी स्वस्थ बसणार?

पोरे त्या दिवशी जीव तोडून खेळली. अखेरची चार सेकंदे उरली तेव्हा आम्ही वीस, ते एकवीस. आता लाथेने चेंडू उंच दोन खांबांमधून गेला की तीन गुण आणि कॅन घरी. चेंडू उडाला. बाईंनी टोपलीत हात घालून मला घट्ट धरले.

टण्.

चेंडू डाव्या खांबाला लागून खाली पडला.

वेंडेल येऊन बाकावर बसला. "बाई, तुमचं काम नाही झालं आमच्याकडून."

बाईंनी त्याचे डोके टॉवेलने खसाखसा पुसले. "माझं काम मलाच करायला पाहिजे होतं, बाळा. अकरा वर्षांपूर्वीच."

आणि त्यांनी मला काखेत धरले, लहानपणी धरीत तसे, आणि अख्खे मैदान चालत ओलांडले. ऑरविल कॅनजवळ उभे होते.

"सापडलं?"

"सापडलं."

"कुठं होतं?"

"माझ्याच फडताळात."

"मलाही अकरा वर्षं तसंच वाटत होतं," ऑरविल हसले. मग त्यांनी कॅन हळूच फिरवला. सगळीकडे तांबडा रंग होता. पण एका बाजूला हाताएवढी जागा मोकळी होती आणि तिथे सत्तेचाळीस आकडा स्वच्छ दिसत होता. "हा घरचा नंबर ना? तो कसा रंगवायचा?"

बाईंनी मला कॅनवर ठेवले आणि तळव्याने दाबले. मी बसले. अगदी पूर्वीसारखी... पूर्वीसारखे.

"कोरड्या फडक्यानं पुसायचं," त्या म्हणाल्या. "सोमवारी."

आता मी हार्लोच्या काचेच्या कपाटात असते. ऑरविल सोमवार चुकवीत नाहीत. वसंतात आर्डिथबाई एकदा येऊन गेल्या. काच उघडून त्यांनी मला एक चापट मारली, वेंडेलच्या तोडीची.

मित्रांनो, घरात एखादे एकटे झाकण दिसले तर भंगारात टाकू नका. त्याचे भांडे कुठेतरी उघड्या तोंडाने उभे असेल. आणि दुसऱ्याचे भांडे तुमच्याकडे आले, तर खुशाल आपल्या रंगात रंगवा. त्याच्या घरचा नंबर तेवढा राहू द्या.