तेविसाव्या खाचेतली काचपट्टी

मी एक जुनी काचपट्टी आहे. लांबीला बोटभर, रुंदीला त्याच्या तिसऱ्या हिश्श्याएवढी. प्राणिशास्त्राच्या प्रयोगशाळेत, खिडकीलगतच्या कपाटात एक लाकडी पेटी आहे आणि त्या पेटीतली तेविसावी खाच ही माझी जागा. मित्रांनो, माझ्यासारख्या जुन्या वस्तू बहुधा तुम्हाला आपली गाऱ्हाणी सांगतात. कोणी मला अडगळीत टाकलं, कोणी मला विसरलं. माझं तसं काही नाही. मला सगळ्यांनी फुलासारखं जपलं. वाईट वागले असेन तर मीच वागले, आणि तेच आज तुम्हाला सांगायचं आहे.

मला तयार केलं ते प्रयोगशाळेतल्या काकांनी. सगळे त्यांना नुसतं 'काका'च म्हणत, अगदी विभागप्रमुख बाईसुद्धा. काकांची खोली टोकाला होती आणि दारावर त्यांच्या हातचा कागद होता : 'पंखा लावू नये. धाडकन दार उघडू नये. शिंक आल्यास बाहेर जावे.' नवीन मुलं तो वाचून हसत. पण काकांचं काम होतंच तसं. अंड्यात पाच दिवस वाढलेलं कोंबडीचं पिल्लू ते मेणात बसवत आणि यंत्रावर त्याचे डोक्यापासून शेपटीपर्यंत इतके पातळ काप काढत, की नुसत्या श्वासानेही ते उडावेत. हे काप एकमेकांना चिकटून मेणाची रिबीन होते. तिचे तुकडे करायचे, काचेवर अंड्याचा पांढरा बलक अगदी पुसट फासायचा आणि त्यावर ते तुकडे ओळीने ठेवायचे. अंड्यातल्या पिल्लाला अंड्याच्याच बलकाने चिकटवायचं, हा योगायोग मला तेव्हा गमतीचा वाटला होता. आता वाटत नाही. त्या पिल्लाला बाहेरचं जग कधी दिसलंच नाही. त्याच्या वाट्याला आली ती माझी काच. निदान त्याचं म्हणणं तरी मी खरं सांगायला हवं होतं.

त्याचं म्हणणं काय होतं, ते आधी ऐका. तुम्हाला मूत्रपिंडांची एकच जोडी ठाऊक असेल. पण पिल्लू वाढत असताना ती तीनदा तयार होतात. पहिली मानेजवळ उगवतात, काही काम करतात न करतात तोच विरून जातात. त्यांना प्राग्वृक्क म्हणतात. वृक्क म्हणजे मूत्रपिंड, आणि प्राक् म्हणजे आधीचं. मग त्यांच्या खाली मध्यवृक्क तयार होतात. पिल्लू अंड्यात असेपर्यंत सगळा भार तेच वाहतात. मासे आणि बेडूक तर त्यांच्यावरच जन्म काढतात. शेवटी अगदी मागे, कमरेपाशी पश्चवृक्क येतात. ते पक्ष्यांत, सस्तन प्राण्यांत आणि तुमच्यातही जन्मभर टिकतात. नावं भारदस्त असली तरी अर्थ साधाच आहे : आधीचं, मधलं आणि मागचं.

खरी गंमत नळीत आहे. पहिलं मूत्रपिंड जाताना आपली नळी मोडून टाकत नाही. मधलं येतं आणि तीच वापरायला घेतं. नळी तीच, पण आता तिचं नाव बदलतं, जसं भाडेकरू बदलला की दारावरची पाटी बदलते. मग तिच्या खालच्या टोकाजवळून एक बारीक अंकुर फुटतो आणि वर चढतो. वर पेशींचा एक पुंजका त्याचीच वाट पाहत असतो. अंकुर पुंजक्यात शिरला, की दोघं मिळून तिसरं मूत्रपिंड घडवतात. अंकुर पोचलाच नाही तर पुंजका नुसता बसून राहतो. अंकुर नळीतून फुटतो ती नेमकी जागा, मित्रांनो, माझ्यावर होती. पेटीतल्या चाळीस पट्ट्यांपैकी फक्त माझ्यावर.

माझ्यावर तीन ओळी ठेवायच्या होत्या. पहिलीत दोन वर्तुळं अलग दिसणार, एक जुन्या नळीचं आणि एक अंकुराचं. दुसरीत ती जवळ येत येत एक होणार. तिसरीत उरणार ती एकटी नळी, बाहेर पडायच्या वाटेकडे निघालेली. काकांनी पहिली ओळ ठेवली आणि त्यांना शिंक आली. बाहेर जायला वेळच मिळाला नाही. उरलेले दोन तुकडे उडाले आणि टेबलावर जाऊन पडले. रंगवण्याआधी मेणाचे तुकडे सगळे सारखेच पांढरे दिसतात. काकांनी ते ब्रशने उचलले, क्षणभर विचार केला आणि अंदाजाने ठेवून दिले.

अंदाज चुकला. दुसरी ओळ तिसरीच्या जागी बसली आणि तिसरी दुसरीच्या.

काकांना हे कळलं. मला रंगवून झाल्यावर त्यांनी सूक्ष्मदर्शकाखाली पाहिलं आणि कपाळाला हात लावला. लेबलावर एक ओळ लिहिली असती तर काम झालं असतं. त्यांनी दौत पुढे ओढलीही होती. तेवढ्यात बाई आत आल्या, त्यांनी मला उजेडात धरलं आणि म्हणाल्या, "अहो काका, काय रंग आलाय! असा जांभळा मी आजवर पाहिला नाही. ही पट्टी पाहुण्यांना दाखवायची."

काकांनी दौतीचं झाकण लावलं. 'उद्या लिहू' असं ते पुटपुटल्याचं मी ऐकलं. आणि मी? मी खूश होते. मला ती चिठ्ठी नकोच होती. इतक्या सुंदर रंगावर 'चूक' असं लिहिलेलं कोणाला आवडेल? तो उद्या पुढे कधी उजाडलाच नाही.

किती वर्षं गेली, मला मोजता येत नाही. पाहुणे आले, मान डोलावून गेले. कोणी ओळी शेवटपर्यंत पाहिल्याच नाहीत. वर्गातली मुलं माझ्यावर एक डोळा लावत आणि पुस्तकातली आकृती वहीत उतरवून मोकळी होत. मग शेवटच्या वर्षाला एक मुलगी आली. तिच्या खिशात कायम सहा इंची पट्टी असे, म्हणून मैत्रिणी तिला 'मोजपट्टी' म्हणत. बाई दर वर्षी एकाच विद्यार्थ्याला पुढच्या संशोधनासाठी आपल्या हाताखाली घेत. मोजपट्टीला ती जागा हवी होती, आणि तिने ते कोणापासून लपवलंही नव्हतं.

तिने काम निवडलं ते आमच्या पेटीचं. एकेक काप मोठा करून कागदावर काढायचा, तसाच पुठ्ठा कापायचा आणि पुठ्ठ्यावर पुठ्ठा चिकटवत तिन्ही मूत्रपिंडांची प्रतिकृती उभी करायची. बावीस पट्ट्या तिने बिनचूक उतरवल्या. मग तिने मला लावलं. काढलं, पुसलं, परत लावलं. मोजलं. वर्तुळ दिसत होतं आणि अचानक नाहीसं होत होतं, मग कुठूनसं पुन्हा उगवत होतं. तिचा पुठ्ठ्याचा अंकुर मधेच तुटला होता, आणि खाली एक अनाथ तुकडा लोंबत होता.

"बाई, ही नळी अंकुराला मिळत नाहीये," ती म्हणाली.

बाई वह्या तपासत होत्या. "मधले काही काप गाळले असशील."

"नाही बाई, तीनदा मोजलेत."

"मग चौथ्यांदा मोज. जगातल्या सगळ्या पुस्तकांत ती मिळते, आणि तुझीच तेवढी अडून बसते होय?"

मोजपट्टी हुशार होती, मित्रांनो. ती काकांच्या दारात गेली, तो कागद वाचून दबक्या पावलांनी आत शिरली आणि तिने हळूच विचारलं, "काका, रागावू नका हं. तेविसाव्या पट्टीवरच्या दोन ओळींची अदलाबदल तर झाली नाही ना?"

तिने अगदी बरोबर ओळखलं होतं. मी तिच्या तळहातावर होते. तिच्या पाठोपाठ बाईही दाराशी येऊन उभ्या राहिल्या. काकांनी माझ्याकडे पाहिलं, बाईंकडे पाहिलं आणि हसून म्हणाले, "छे गं! माझ्या हातून?"

"ऐकलंस?" बाई म्हणाल्या. "काकांच्या हातावर शंका घेण्याआधी स्वतःचे डोळे तपासून घे."

मला वाचा नाही, ही सबब मी पुष्कळदा स्वतःला दिली आहे. पण त्या क्षणी मी निसटून फरशीवर पडू शकले असते. काचेला निदान तेवढं तरी येतं. मी फुटले असते तर बाईंनी नवी पट्टी करायला सांगितली असती आणि सगळं आपोआप सुटलं असतं. मी तिच्या तळहाताला घट्ट चिकटून राहिले. मला माझा जांभळा रंग प्यारा होता.

दुसऱ्या दिवशी दुपारी मोजपट्टी एकटीच माझ्यासमोर बसली. बराच वेळ तिने डोळा लावलाच नाही. मग खोडरबर काढलं, माझ्यावरच्या एकोणिसाव्या कापाच्या आकृतीतली खरी रेघ खोडली आणि पुस्तकात पाहून दोन वर्तुळं एकमेकांना जोडली. रबराचे कण माझ्यावर पडले. तिने ते फुंकरीने उडवले, माझ्यावर ओरखडा उठू नये म्हणून. त्या फुंकरीची मला आजही लाज वाटते. जिला जे दिसेल तेच काढायचं होतं, तिला मी न दिसलेलं काढायला लावलं.

बाईंना प्रतिकृती फार आवडली. "आता कशी मिळाली! बघ, लक्ष दिलं की होतं," त्या म्हणाल्या, आणि हाताखालची जागाही त्यांनी तिलाच देऊ केली. मोजपट्टी खाली मान घालून म्हणाली, "नको बाई." कारण विचारलं तर सांगितलं नाही. प्रतिकृती आणि आकृत्या कपाटात ठेवून ती निघून गेली. त्या दिवसापासून काकांनी मला पाहुण्यांपुढे काढणं बंद केलं. पेटी पुसताना ते बाविसाव्या खाचेवरून थेट चोविसाव्या खाचेवर जात.

अकरा वर्षांनी काका निवृत्त झाले. निरोपाचा कार्यक्रम प्रयोगशाळेतच ठेवला होता आणि जुन्या विद्यार्थ्यांना बोलावणं गेलं होतं. मोजपट्टी आली आणि शेवटच्या बाकावर बसली. काकांनी तिला येताना पाहिलं. मग ते उठले, कपाट उघडलं आणि पेटी मांडीवर घेऊन बसून राहिले. बाईंनी भाषण केलं. शेवटी म्हणाल्या, "इतक्या वर्षांत काकांच्या हातून एक पट्टी चुकली नाही."

"एक चुकलीय, बाई," काका बसल्या जागेवरून म्हणाले. "तेविसावी. मला शिंक आली होती."

सगळे खो खो हसले. लोकांना वाटलं, काकांचा विनोद. काका उभे राहिले. त्यांनी पेटी टेबलावर ठेवली.

"मोजपट्टी," ते म्हणाले, "तू मला विचारलं होतंस. मी खोटं बोललो."

मग कोणी हसलं नाही. ती उठली, पुढे आली आणि तिने मला खाचेतून काढलं. सूक्ष्मदर्शकाखाली तिने पहिली ओळ पाहिली, मग तिसरी, मग दुसरी. दोन वर्तुळं जवळ आली, आणखी जवळ आली आणि एक झाली. माझा रंग आता उडाला आहे, कडा पिवळ्या पडल्या आहेत, पण तेवढं अजून स्वच्छ दिसतं.

"म्हणजे मला बरोबरच दिसलं होतं," ती म्हणाली.

बाई जवळ आल्या. "मी एकदा तुझ्या जागी बसून बघायला हवं होतं गं."

"रागाव मला," काका म्हणाले. "काय बोलायचं ते बोल."

"आता काय रागावू, काका?" ती म्हणाली. "मी एका छापखान्यात मुद्रितं तपासते. अजूनही चूक दिसली ना, की आधी वाटतं आपलेच डोळे फसवतायत. चार-चारदा मूळ प्रत काढून बघते. लोक म्हणतात, किती काळजीनं काम करते."

काकांनी कोरी चिठ्ठी पुढे ओढली, पण त्यांना अक्षर काढता येईना. शेवटी तिनेच लेखणी घेतली आणि लिहिलं : 'दुसऱ्या आणि तिसऱ्या ओळीची अदलाबदल झाली आहे. पहिलीनंतर आधी तिसरी पाहावी.' मग लेखणी त्यांच्या हातात दिली. "सही मात्र तुम्ही करा."

काकांनी सही केली आणि तिच्या खाली, वाकड्यातिकड्या अक्षरांत, आणखी एक ओळ लिहिली : 'चूक ओळी ठेवणाऱ्याची आहे, पाहणारीची नाही.'

ती चिठ्ठी आता माझ्या एका टोकाला चिकटवलेली आहे. मित्रांनो, आम्हा काचपट्ट्यांना धुळीपासून जपा, कडांना धरून उचला, हे तुम्हाला शिक्षक सांगतीलच. मला सांगायचं आहे ते वेगळं. तुमच्या हातून काही चुकलं तर त्याच दिवशी चिठ्ठी लावा, भले रंग कितीही सुंदर आलेला असो. आणि कोणी म्हणालं की मला वेगळं दिसतंय, तर त्याला हसण्याआधी उठा आणि त्याच्या जागी बसून पाहा.

मोजपट्टी त्या संध्याकाळी परत गेली. तिच्या आकृत्या अजून खालच्या खणात आहेत. नवी मुलं कधी कधी त्या काढून बघतात. माझ्या एकोणिसाव्या कापाचा कागद उजेडात धरला, की खोडलेली खरी रेघ अजून दिसते.