लेंगी : संदर्भ हवा

मी एक लेख आहे, लेंगी गाण्यांवरचा. राहायला इंटरनेटवरच्या मराठी ज्ञानकोशात. तिथं कुणीही लिहू शकतं, म्हणूनच माझा जन्म झाला.

जन्मलो हिंगोलीकडच्या गोरेगावजवळ, एका बंजारा तांड्यावर, शिलाच्या मोबाइलवर. होळीला तांड्यात फेर धरून लेंगी म्हणतात. सगळ्यांत जास्त लेंगी तिच्या शकुंतलाकाकीला येतात. काकी भाकरी थापत सांगायची, शिला अंगठ्यानं लिहायची.

"काकी, हळू सांग की."

"गाणं हळू होत न्हाई, बाई."

ऐकलं तसंच तिनं लिहिलं. मग घरभर मला दाखवत फिरली.

तेवढ्यात माझ्या पानावर हिंगोलीचे हरीश सर आले. ज्ञानकोशाचे जुने संपादक. नव्यांचे लेख तपासतात. त्यांनी तयार सूचना चिकटवली : 'संदर्भ नाही. लेख वगळला जाऊ शकतो.'

शिलानं लिहून विचारलं, "काकीनं सांगितलं, हा संदर्भ चालत न्हाई का?"

"नाही. छापील पुस्तक किंवा संकेतस्थळ द्या."

शिला घाबरली. कुठल्याशा संकेतस्थळावर दुसऱ्याच भागातल्या लेंगीची माहिती सापडली. ती तिनं जशीच्या तशी उचलली आणि काकीचं सगळं पुसलं. पुसताना अंगठा थबकत होता. मला तिला अडवता आलं नाही.

लगेच ज्ञानकोशातल्या तिच्या पानावर हरीश सरांची लाल अक्षरं आली : 'ही चोरी आहे. पुन्हा केल्यास बंदी घालू.' तिचा भाऊ प्रेमदास वाचून म्हणाला, "शिले, काहून असं केलं? चोर म्हणून राहिले तुला."

तिनं मोबाइल पालथा ठेवला. परत आलीच नाही.

ज्ञानकोशात पुसलेलंही जपलेलं असतं; नंतर हरीश सरांनी माझं पहिलं रूप उघडून वाचलं. लाल अक्षरं काढली, काकीच्या ओळी परत आणल्या आणि लिहिलं, 'ताई, तुमचं पहिलं लिखाण बराबर होतं. काकींची गाणी आधी कुठं छापून आणू, मग तोच संदर्भ देऊ. मी सोबत आहे.' हे आधी लिहिलं असतं तर!

उत्तर आलं नाही. तेव्हा शिलानं माझ्यात लिहिलेल्या तांड्याच्या नावावरून शोधत ते जीपनं तिथं गेले. त्यांच्या हातातल्या मोबाइलवर मी उघडाच होतो.

शिला दारात उभी राहिली. "मला चोर म्हणला तुमी, सर."

"ते काढलं मी."

"वाचणाऱ्यांनी वाचलं."

"चुकलं माझं. पण गाणी तर..."

आतून काकीनं विचारलं, "कोण आलंय गं?"

"कोणी न्हाई, काकी," शिला म्हणाली आणि दार लोटलं.

आता मला वगळायचं की ठेवायचं यावर इतर संपादक मतं देत आहेत. ठेवा म्हणणारे एकटे हरीश सर. शिला, माझ्यासाठी येऊ नकोस. पण काकीजवळ बस आणि पुढची लेंगी विचार. माझ्यात अजून अर्धीही आलेली नाहीत, आणि ती दुसऱ्या कुणाला येत नाहीत.