विहिरीकाठच्या बॅटऱ्या

बोराऊ धुतलेला सदरा घालून सकाळी सकाळी दारात आला, तेव्हाच अकाता सावध झाली. नवऱ्याचा हा थोरला भाऊ काही हवं असल्याशिवाय इतका गोड हसत नसे.

“काय गं, पोरं बरी आहेत ना?”

“बरी आहेत. काय हवंय भाऊजी?”

“हवंय असं काही नाही...” म्हणता म्हणता त्याची नजर घरामागच्या ढिगाकडे गेली.

ढीग मेलेल्या बॅटऱ्यांचा होता. सौरदिव्यांच्या, ट्रकच्या, होड्यांच्या. अकाता दारोदार फिरून त्या गोळा करी, आतलं पाणी सांडू नये म्हणून उभ्याच चटईत बांधी आणि मिनीबसने तारावा बेटाच्या टोकाला, बेसिओच्या बंदरावर नेऊन विकी. तिथून त्या जहाजाने बाहेरदेशी जात. नवरा बोटीवर नोकरीला. त्याचे पैसे आले तर आले, त्यामुळे घरचा तांदूळ बॅटऱ्यांवर चाले. पण तांदूळ हे निम्मंच कारण. बोराऊसारखे कोळी बॅटऱ्या फोडत, आतलं तेजाबाचं पाणी वाळूत ओतत आणि शिसं वितळवून जाळ्यांना वजनं करत. मागच्या खेपेला त्याने हे किनाऱ्यावर केलं आणि तिथे टिपायला जाणाऱ्या कोंबड्या पटापट मेल्या. या वेळी त्याने चूल मांडली होती ती थेट त्यांची दोन्ही घरं आणि आजूबाजूचेही पाणी भरत त्या विहिरीशेजारी, नीरफणसाच्या सावलीत. ऊन लागत नाही म्हणून!

“चार बॅटऱ्या दे,” तो म्हणाला. “बुबूसी आहे माझी.”

झालं. शब्द पडला. नातलगाने बुबूसी करून मागितलं की नाही म्हणायचं नसतं. होडी मागितली तर होडी द्यायची, सायकल मागितली तर सायकल. अकाताच्या सासूने तर नवंकोरं शिवणयंत्र दिलं होतं, तोंडातून ब्र न काढता.

“नाही देणार,” अकाता म्हणाली.

“काय म्हणालीस?”

“ऐकू आलंय तुम्हाला. तांदूळ मागा, डुक्कर मागा, अंगावरची लुंगी मागा, तीही सोडून देते. बॅटरी नाही मिळायची.”

संध्याकाळी गावाच्या सभाघरात तिला बोलावणं आलं. घराणी आपापल्या जागी मांडी घालून बसली होती. तेकाई सगळ्यांत वयस्कर, त्याचाच शब्द शेवटचा.

“मुली, चार डबड्यांपायी घराण्याचं नाक कापतेस?”

“त्या विहिरीचं पाणी माझी पोरं पितात, आजोबा, आणि या भाऊजींचीही पितात. कोंबड्या कशाने मेल्या ते विचारा की यांना.”

“म्हाताऱ्या झाल्या होत्या!” बोराऊ ओरडला.

“सगळ्या एकाच आठवड्यात?”

मागे बायकांत खसखस पिकली. तेकाई मात्र हसला नाही. “कोंबड्यांचं राहू दे. मागणं ते मागणं. देतेस की नाही?”

“नाही.”

 

“ठीक आहे,” म्हातारा म्हणाला. “आजपासून तुझ्याकडे कुणी काही मागणार नाही.”

सुटलो एकदाचे, असं कुणाला वाटेल. तारावावर नाही वाटत. ज्याच्याकडे कुणी मागत नाही, तो कुणाचाच नसतो.

दुसऱ्या दिवशी अकाताने सगळा ढीग बंदरावर नेऊन विकला. त्यानंतर तिच्या दाराशी कुणी मीठ मागायला आलं नाही, की सुई मागायला. विहिरीवर ती गेली की बायका गप्प होत. एका दुपारी ती चटईत तोंड खुपसून रडली. रागाने रडली. मग उठली, तोंड धुतलं आणि थेट तेकाईच्या दारात जाऊन उभी राहिली.

“आजोबा, तुमच्या डुकरांच्या खोपटामागे ट्रकची बॅटरी पडलीय. माझी बुबूसी आहे. द्या.”

म्हाताऱ्याचा चेहरा बघण्यासारखा झाला. तिच्याकडे मागायचं नाही असं त्याने सांगितलं होतं. तिने मागायचं नाही, हे सांगायचं राहूनच गेलं होतं! त्याने बॅटरी दिली. मग तिने एक घर सोडलं नाही. लोक चडफडले, पुटपुटले, पण द्यायला कुणी चुकलं नाही. बोराऊ तेवढा दार लावून बसला.

ढीग पुन्हा उभा राहिला. तरी मागायला कुणी येईना, आणि ते तिला खुपत होतं. खुपेना का, ती म्हणे, विहीर तर गोड आहे.

बंदरावर जायच्या दिवशी ती चटया बांधत होती. बोराऊची बायको रूता भर उन्हात, विहिरीवरच्या बायकांसमोरून, पोटाशी बॅटरी धरून आली. ती तिने दारात ठेवली आणि कपाळावरचा घाम पुसला.

“होडीखाली लपवली होती यांनी,” ती हळूच म्हणाली. “अकाता, माझं मागणं आहे तुझ्याकडे. हीसुद्धा घेऊन जा.”

अकाताने हातातली चटई खाली ठेवली.

“असं नाही, जाऊबाई,” ती म्हणाली. “मोठ्याने मागा. माझ्याकडे कुणी मागतंय, हे विहिरीवर कळू दे.”

रूताने विहिरीकडे तोंड केलं आणि नवऱ्याचं नाव घेऊन, त्याच्या घरची बुबूसी म्हणून, सगळ्यांना ऐकू जाईल असं मागितलं.