धुतलेला कोट

आईनं कोट धुतला तो निव्वळ मायेपोटी. लेकाच्या चाकांवरच्या खोलीत ती परवाच राहायला आली होती, आणि दाराआड खिळ्यावर लटकलेला तो लाल कोट तेव्हापासून तिच्या डोळ्यांत खुपत होता. कॉलर काळीकुट्ट, बाह्या ताठरलेल्या, वास तर असा की थेट डोक्यात जावा. पोरगं सर्कशीत सिंहांचं मास्तर, भिंतीभिंतीवर त्याची चित्रं, आणि अंगावर हे! सून बाजारात गेल्याचं बघून तिनं बाह्या सरसावल्या. कढत पाणी, गुलाबाच्या वासाचा साबण, आणि मनगटात अजून होता तेवढा जोर. दुपारी दोरीवर वाळलेला कोट बघून तिचं तिलाच कौतुक वाटलं.

सून आली, तिनं दोरीकडे बघितलं आणि मटकन पायरीवर बसली.

"आई, हे काय केलंत!"

"धुतला. कुणीतरी धुवायला नको? लग्नाला इतकी वर्षं झाली, तुला दिसला नाही होय?"

"तो कधीच धुवायचा नसतो हो! सिंहांचा डोळ्यांपेक्षा नाकावर भरवसा. त्या वासालाच ते मास्तर समजतात. आज पिंजऱ्यात गुलाबाच्या वासाचा कुणी परका शिरणार."

आईनं कोट दोरीवरून काढून हुंगला; नुसता गुलाब.

लेक आला. त्यानं बाही नाकाशी नेली आणि आधी खो खो हसला. मग हसू हळूहळू आटलं.

"जुना स्वेटर घाल," बायको म्हणाली.

"रिंगणात त्यांनी मला कोटाशिवाय कधी बघितलेलं नाही. वासही गेला आणि कोटही, मग उरलं काय?"

"खेळ रद्द कर," आई म्हणाली. "मी सांगते मालकाला. माझी चूक आहे."

"उद्याही हाच वास असेल, आई. शिवाय आज बिचकलो तर उद्या माझ्या अंगाला भीतीचा वास येईल. तो वास कुठल्याच साबणानं जात नाही. बघू, मावशी काय म्हणते."

"कोण मावशी?"

"सिंहीण. सगळ्यांत जुनी. तिनं मान डोलावली की बाकीचे मुकाट ऐकतात. आपल्या घरात तुझं होतं तसं."

एरवी आईनं यावर त्याला चार शब्द सुनावले असते. आज ती कोटाची बटणं चाचपत बसली. हा घर सोडून सर्कशीत गेला, तेव्हापासून आधी रागापायी आणि मग भीतीपायी तिनं त्याचा खेळ कधीच बघितला नव्हता. सुनेकडून तुटक तुटक कळलं होतं तेवढंच. आधी कितीतरी वर्षं नुसती लीद उपसली. मग मांसाच्या बादल्या. मग पिंजऱ्याबाहेर स्टुलावर बसून सिंहांना रोजचा पेपर वाचून दाखवायचा, आवाजाची सवय व्हावी म्हणून. पावसापाण्यापासून खुनाच्या बातम्यांपर्यंत सगळं. शेवटी म्हाताऱ्या मास्तरनं आपल्या अंगातला कोट काढून याच्या खांद्यावर टाकला. तोच हा.

संध्याकाळी ती गजांना लागून बसली. सुनेनं तिचा हात घट्ट धरला होता.

मास्तर नेहमीसारखा आधी आत गेला. रिकाम्या रिंगणात आधी त्यानं उभं राहायचं, सिंहांनी मागून यायचं. घर त्याचं, पाहुणे ते. पण आज दार एकटीसाठीच उघडलं. मावशी आली, चार पावलं चालली आणि थबकली. नाक आक्रसलं. वरचा ओठ मागे गेला तसे पिवळे सुळे दिसले. ती त्याच्याभोवती फिरू लागली, पोट जमिनीला लागेल इतकी खाली दबून. बँडवाले तीच धून पुन्हा पुन्हा वाजवत राहिले. लोकांना वाटलं, हाच खेळ.

त्यानं हंटर पायाशी ठेवला.

"झालं का बघून?" तो म्हणाला. "आता ये. नखरे पुरे. मुकाट्यानं ये आणि बस जागेवर, किती हाका मारायच्या?"

आई दचकली. तो तिचा सूर होता. दिवेलागणीला अंगणातून पोरांना आत बोलावतानाचा, रागावलेला पण ताट वाढून ठेवलेला. इतकी वर्षं त्यानं या जनावरांना तिच्या आवाजात वाढवलं होतं.

मावशीनं श्वास घेतला. एवढ्या मोठ्या तंबूत, बँड वाजत असतानाही, आईला तो एकच श्वास ऐकू आला. मग ती सरळ झाली, त्याच्यापाशी गेली आणि मान तिरकी करून गाल कोटाच्या बाहीवर घासला. मग मान. मग सगळं अंग. मांजर दाराच्या चौकटीला घासतं तसं, फक्त या मांजराच्या धक्क्यानं मास्तर पाऊलभर सरकला. दुसरं दार उघडलं. आयाळवाले आले, मावशीकडे बघितलं, आणि एकेक जण त्याला घासून आपापल्या चौरंगावर चढून बसला. मधोमध आईचा लेक, बारीक चणीचा, लहानपणापासून खाण्यात नाटकं करणारा. भोवती एवढी ताकद, आणि सगळी त्याच्या तोंडाकडे बघत बसलेली.

पुढचा खेळ आईला धड आठवला नाही. खोलीवर परत आल्यावरही ती खुर्चीत नुसती बसून होती.

तो आत आला. घामानं निथळत, कोटावर सोनेरी केसच केस. आणि ती, जिच्यासमोर तो जन्मभर उठून उभा राहिला होता, स्वतःच उठून उभी राहिली.

"बस की गं," तो गोंधळून म्हणाला. "उठतेस कशाला?"

ती तशीच उभी राहिली, आणि तो बसल्यावर बसली.